देहाला दोन वर्षे, अजगराला सहा

छायाचित्र काळे-पांढरे आहे. एक स्त्री आणि एक पुरुष एकमेकांना बिलगून उभे आहेत. अंगावर कपडा नाही, पायांत बूट आहेत आणि एका अजगराने दोघांनाही वेढले आहे. बुटांचे नाव ‘टफ’. ही जाहिरात १९९५ साली नियतकालिकांतून छापून आली. चित्रातली स्त्री मधू सप्रे, पुरुष मिलिंद सोमण, छायाचित्रकार प्रबुद्ध दासगुप्ता, जाहिरात तयार करणारी संस्था अँबियन्स. निषेध झाले आणि ऑगस्ट १९९५ मध्ये मुंबई पोलिसांच्या समाजसेवा शाखेने अश्लीलतेचा गुन्हा नोंदवला. अजगराच्या बेकायदा वापराबद्दल वन्यजीव संरक्षण कायद्याखाली वेगळे प्रकरण उभे राहिले. मॉडेल, छायाचित्रकार, जाहिरातसंस्था, प्रकाशक असे सगळेच आरोपींच्या यादीत आले. चौदा वर्षांनी, २००९ मध्ये, सगळे निर्दोष सुटले.

एवढी हकीकत त्या पिढीच्या बहुतेकांना तोंडपाठ आहे. मला ती सांगावीशी वाटते ती तिच्या कागदपत्रांसाठी. भारतातल्या मॉडेलिंगचा साधार इतिहास लिहायचा म्हटले की हाताशी फार थोडे लागते. मानधनाच्या पावत्या, करारपत्रे, निवडीच्या वेळचे फोटो, शोच्या आदल्या रात्रीच्या याद्या यांतले काहीही जपून ठेवावे असे त्या धंद्यात कुणाला वाटले नाही. मासिके रद्दीत गेली. ग्रंथालयांत जी राहिली त्यांचीही बांधणी करताना जाहिरातींची पाने काढून टाकण्याची चाल होती. लेख तेवढा ठेवायचा, जाहिरात कशाला, असा तो हिशेब. म्हणजे मॉडेलचे काम ज्या पानावर छापले जाई तेच पान आधी फेकले जाई. ज्या व्यवसायाने स्वतःचे दप्तर ठेवले नाही, त्याचे दप्तर शेवटी पोलिसांनी आणि न्यायालयांनी ठेवले. हा इतिहास आपल्याकडे मुख्यतः आरोपातून वाचावा लागतो, आणि आरोपाची भाषा काय दाखवते, काय झाकते हे पाहावे लागते.

वर्धा जिल्ह्यातून या विषयाकडे पाहिले तर ही विसंगती जास्त टोचते. इथे कापडाचे कागद भरपूर आहेत. जिल्हा झाला १८६२ मध्ये; पालकवाडी या गावाच्या जागी वर्धा शहर वसवले गेले १८६६ मध्ये. त्याच दशकात मध्य प्रांत आणि वऱ्हाडाचा कापूस आयुक्त असलेला हॅरी रिव्हेट-कार्नॅक हिंगणघाटच्या कापसाविषयी सरकारला अहवाल पाठवत होता. ‘हिंगणघाट’ हे नाव तेव्हा विलायतेच्या बाजारात चांगल्या देशी कापसाची जात म्हणून चालत होते. रसेलने संपादिलेले वर्धा जिल्ह्याचे गॅझेटियर १९०६ चे. त्याआधीच हिंगणघाट आणि पुलगाव इथे गिरण्या आल्या होत्या. मगनवाडीतले मगन संग्रहालय गांधीजींच्या हस्ते ३० डिसेंबर १९३८ रोजी उघडले. कपाशीच्या बोंडापासून चरख्याच्या चातीपर्यंत सगळ्याची नोंद सापडते. कापड नेसून, ते कसे दिसते हे दाखवून जिने विकले, तिची नोंद मात्र कुठेच नाही. गिरणीच्या थानावर चिकटवलेल्या रंगीत छापांवरच्या बायका तर नावागावाशिवायच राहिल्या.

वास्तविक मॉडेल या पेशाला आपल्याकडे पहिला नियमित पैसा दिला तो कापड गिरण्यांनीच. कॅलिको, बॉम्बे डाइंग, खटाव आणि पुढे ‘ओन्ली विमल’ म्हणणारी रिलायन्स. फॅशन शो म्हणजे गिरणीचा माल दाखवण्याचा समारंभ. मॉडेलने साडी नेसून वा सूट घालून यायचे, प्रेक्षकांत बसलेल्या विक्रेत्यांनी मालाची मागणी नोंदवायची. डिझायनर नावाचा माणूस त्या चित्रात अजून आलेला नव्हता. मिलिंद सोमणांची पहिली जाहिरातही कापडाचीच, १९८९ ची, ठाकरसी या नावाची. ठाकरसी घराण्याने १९२० मध्ये दिलेल्या पंधरा लाखांच्या देणगीतून महर्षी कर्व्यांच्या महिला विद्यापीठाला एसएनडीटी हे नाव मिळाले, आणि त्याच कर्व्यांचे चिरंजीव र. धों. कर्वे यांना अश्लीलतेच्या खटल्यांत दंड झाला. हा योगायोग आहे, त्याहून जास्त काही नाही. पण र. धों. पुढे लागणार आहेत, म्हणून इथेच ओळख करून ठेवली.

आता माणसांकडे वळू. मधू सप्रे यांचा जन्म नागपूरचा, १९७१ चा. मॉडेल होण्याआधी त्या मैदानावर धावणाऱ्या खेळाडू होत्या. सोमणांचा जन्म ग्लासगोचा, १९६५ चा. लहानपणीच कुटुंब भारतात परतले आणि शिवाजी पार्कच्या महात्मा गांधी जलतरण तलावात हा मुलगा ब्रेस्टस्ट्रोकमध्ये राष्ट्रीय विजेतेपदापर्यंत पोहोचला. दोघेही मराठी मध्यमवर्गीय घरांतले. दोघांचेही शरीर कॅमेऱ्यासाठी नव्हे, स्पर्धेसाठी घडलेले. १९९५ च्या त्या छायाचित्राकडे पाहताना ही गोष्ट सहसा कुणाच्या ध्यानात येत नाही. त्या चित्रातले खांदे, पाठी, पोटऱ्या यांत नटव्या मोहकतेपेक्षा व्यायामाची शिस्त अधिक आहे. तोवरच्या जाहिरातींतल्या स्त्रीला खांदे असत, पण त्या खांद्यांना स्नायू नसत.

मधू सप्रेंविषयीचा सर्वांत बोलका पुरावा मे १९९२ चा, बँकॉकच्या मिस युनिव्हर्स स्पर्धेची चित्रफीत. त्या वर्षीच्या मिस इंडिया म्हणून त्या तिथे गेल्या आणि शेवटच्या तिघींत पोहोचल्या. प्रश्न साधारण असा होता की तुमच्या देशाचे नेतृत्व हाती आले तर आधी काय कराल. त्यांनी उत्तर दिले ते खेळाच्या सोयींबद्दल, मोठे क्रीडा संकुल बांधण्याबद्दल. नामिबियाची मिशेल मॅक्लीन जिंकली, कोलंबियाची पाओला तुर्बाय दुसरी आली, सप्रे तिसऱ्या. या उत्तराने मुकुट घालवला, अशी कथा पुढे रूढ झाली आणि गरिबी, शांतता, भूक हे शब्द उच्चारायला ती विसरली म्हणून तिची थट्टाही झाली. चित्रफितीतून सिद्ध होतात त्या दोनच गोष्टी, उत्तर आणि क्रमांक. एकामुळे दुसरे झाले हे नंतर जोडलेले आहे. मला स्वतःला ते उत्तर त्या वर्षीच्या सर्व उत्तरांत अधिक खरे वाटते. धावणाऱ्या मुलीला आधी मैदान आठवले. आणि जानेवारी १९९४ च्या राष्ट्रीय क्रीडा स्पर्धांसाठी महाराष्ट्राने पुण्याजवळ बालेवाडीला अगदी तसेच संकुल बांधले. तेव्हा कुणी हसले नाही.

त्या काळी जगात काय चालले होते तेही पाहायला हवे, कारण ‘सुपरमॉडेल’ हा शब्द आपल्याकडे आयता आला. ब्रिटिश ‘व्होग’च्या जानेवारी १९९० च्या मुखपृष्ठावर पीटर लिंडबर्गने लिंडा इव्हँजेलिस्टा, नाओमी कॅम्पबेल, ख्रिस्ती टर्लिंग्टन, सिंडी क्रॉफर्ड आणि तात्याना पातित्झ या पाचजणींना एकत्र उभे केले, तेही काळ्या-पांढऱ्या रंगांत. त्याच वर्षी जॉर्ज मायकेलने त्या पाचहीजणींना गाण्याच्या चित्रफितीत आणले आणि मार्च १९९१ मध्ये व्हर्साचीने मिलानच्या मंचावर त्यांतल्या चौघींना एका रांगेत चालवले. नवे होते ते हे की कपड्यापेक्षा कपडा घालणारीचे नाव मोठे झाले. दहा हजार डॉलरांखाली आम्ही अंथरुणातून उठत नाही, या अर्थाचे इव्हँजेलिस्टाचे वाक्य त्याच दिवसांतले. त्यात मग्रुरी आहेच, पण धंद्याच्या इतिहासात ते दरपत्रक म्हणूनही वाचता येते. मॉडेलने स्वतःचा दर जाहीरपणे सांगण्याची ती वेळ होती.

भारतात जुलै १९९१ मध्ये बाजार उघडला, उपग्रह वाहिन्या आल्या, परदेशी प्रसाधने आणि बूट आले आणि जाहिरातसंस्थांना जागतिक वाटतील असे चेहरे हवे झाले. सप्रे, सोमण आणि त्यांच्या बरोबरीची मुलेमुली त्या गरजेतून पुढे आली. त्यांच्याआधी आपल्याकडे जाहिरातीत मान होता तो सिनेमातल्या नटीला. १९४१ साली लक्स साबणाच्या जाहिरातीत झळकलेल्या लीला चिटणीस या धारवाडच्या, मराठी घरातल्या, पदवीधर बाई. साबण विकायला त्यांचे ‘कंगन’मधले यश लागले. सोमण आणि सप्रे यांच्यामागे असा कोणताही चित्रपट नव्हता. बूट विकला गेला तो त्यांच्या देहबळावर आणि ती आपल्या जाहिरातींच्या इतिहासातली खरी नवलाई होती. तिच्या आधीचे एकच उदाहरण मला त्याच तोलाचे वाटते आणि ते देशाबाहेरचे आहे. मुंबईत वाढलेल्या गोमंतकीय घरातल्या अंजली मेंडिस सत्तरच्या दशकाच्या प्रारंभी पॅरिसला गेल्या आणि वर्षानुवर्षे पिएर कार्दांच्या आवडत्या मॉडेल राहिल्या. काळीसावळी भारतीय बाई पॅरिसच्या मंचावर मध्यभागी, हे तिथल्यांना पचले. इथे त्यांचे नाव २०१० मध्ये त्या वारल्या तेव्हा अनेकांनी पहिल्यांदा ऐकले.

दासगुप्तांविषयीही दोन शब्द हवेत, नाहीतर त्या जाहिरातीला निव्वळ खळबळ समजण्याची चूक होईल. हा माणूस आधी जाहिरातींचे मजकूर लिहीत असे, छायाचित्रण स्वतःच शिकला. १९९६ मध्ये त्यांचे ‘विमेन’ हे पुस्तक आले. शहरी भारतीय स्त्रियांच्या प्रतिमा, त्यांत नग्नचित्रेही होती. बुटाची जाहिरात आणि हे पुस्तक यांत जेमतेम वर्षाचे अंतर आहे आणि दोन्हींतला प्रकाश एकाच हातचा आहे. २०१२ च्या ऑगस्टमध्ये अलिबागला त्यांचे निधन झाले, वयाची साठीही पुरी झाली नव्हती.

आता ज्या कायद्यांखाली हा खटला उभा राहिला ते कायदे उघडू. माझ्या मते सगळ्या प्रकरणातला सर्वांत वाचनीय मजकूर तोच आहे.

भारतीय दंड संहितेचे कलम २९२ मूळचे १८६० चे. १९६९ मध्ये त्यात दुरुस्ती झाली. विज्ञान, वाङ्मय, कला यांसाठी अपवादाची वाट ठेवली गेली आणि शिक्षा मात्र वाढली. पहिल्या अपराधाला दोन वर्षांपर्यंत कैद आणि दोन हजारांपर्यंत दंड. दुसरा कायदा स्त्रियांचे असभ्य चित्रण रोखणारा, १९८६ चा. त्यात जाहिरातींसाठी स्वतंत्र कलम आहे आणि पहिल्या वेळची शिक्षा तीच, दोन वर्षांपर्यंत. हा कायदा केवळ स्त्रीदेहाविषयी बोलतो. त्याच चित्रात, तितकाच उघडा, तितकाच मध्यभागी असलेला पुरुष या कायद्याला दिसतच नाही. मिलिंद सोमणांच्या देहावर आरोप ठेवायला एकोणिसाव्या शतकातले जुने कलमच लागत होते. १९९५ ची ती जाहिरात पुरुषाच्या देहालाही पाहण्याची वस्तू करत होती, हा तिचा खरा नवा भाग, आणि नेमका तोच नव्या कायद्याच्या चौकटीबाहेर राहिला.

तिसरा कायदा १९७२ चा, वन्यजीवांचा. अजगर अनुसूची एकमधला, म्हणजे वाघाच्या पंक्तीतला. १९९१ च्या दुरुस्तीनंतर या अनुसूचीतल्या प्राण्याबाबतच्या अपराधाला कमीत कमी एक वर्ष आणि जास्तीत जास्त सहा वर्षे कैद, शिवाय किमान पाच हजार रुपये दंड, अशी शिक्षा तेव्हा होती. तीनही कायदे शेजारी ठेवले तर दिसते की ज्या चित्राने संस्कृती बुडाल्याची ओरड झाली, त्या चित्रातला सर्वांत महाग आरोप सापाचा होता. नग्नतेला किमान शिक्षा ठरलेली नव्हती, अजगराला होती. वर्तमानपत्रांचे मथळे मात्र या हिशेबाच्या उलट्या क्रमाने लागले.

१९८६ चा तो कायदा अमलात आला २ ऑक्टोबर १९८७ रोजी. तारीख गांधीजयंतीची, आणि तिला वर्ध्याचा एक जुना संदर्भ आहे. एप्रिल १९३६ मध्ये गांधीजी शेगावात, म्हणजे आजच्या सेवाग्रामला, राहायला आले. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात ‘हरिजन’मध्ये त्यांचा अश्लील जाहिरातींवरचा लेख छापून आला. एका भगिनीने जाहिरातीचे कात्रण पाठवले होते, त्यावरून लिहिलेला. तेव्हा संपादक महादेवभाई देसाई मगनवाडीत राहत. त्याआधी काही महिने, डिसेंबर १९३५ मध्ये, संततिनियमनाच्या पुरस्कर्त्या मार्गारेट सँगर वर्ध्याला येऊन गांधीजींशी बोलून गेल्या होत्या आणि दोघांचे जमले नव्हते. देह, जाहिरात आणि छापील शब्द यांविषयीचा वाद या गावाला नवा नाही. आणखी एक गोष्ट हळूच म्हणायला हरकत नसावी. विसाव्या शतकात देशातले सर्वाधिक छायाचित्रित झालेले अर्धे उघडे शरीर याच जिल्ह्यात राहत होते. मदुराईला सप्टेंबर १९२१ मध्ये गांधीजींनी पंचा स्वीकारला तो विचारपूर्वक, पाहणाऱ्यांवर काय परिणाम होईल हे जाणून. कपड्याने, किंवा कपडा कमी करून, काय सांगता येते हे त्यांच्याइतके कुणाला कळले नसेल. तुलना मी इथेच थांबवतो. त्यागाची आणि बुटाची किंमत एका तराजूत घालता येत नाही.

गांधीजी वर्ध्याहून लिहीत होते त्याच काळात मुंबईत र. धों. कर्व्यांचे ‘समाजस्वास्थ्य’ निघत होते. १९२७ ते १९५३ असे हे मासिक चालले. त्याच्या मुखपृष्ठांवर नग्न स्त्रीची चित्रे असत. शरीराबद्दलची लाज घालवायची हा त्यामागचा हेतू. १९३१ आणि १९३४ मध्ये त्यांच्यावर अश्लीलतेचे खटले झाले, दोन्ही वेळा दंड झाला. दुसऱ्या खटल्यात त्यांचे वकील होते डॉ. बाबासाहेब आंबेडकर. खटले झाले ते आतल्या मजकुरावरून. मुखपृष्ठे महिन्यामागून महिने निघत राहिली. साठेक वर्षांनी मुंबईत एका बुटाच्या जाहिरातीने वादळ उठवले, तेव्हा आपल्याकडे नग्न चित्र छापण्याची ही पहिलीच वेळ असल्यासारखे बोलले गेले.

अश्लील कशाला म्हणायचे याची कसोटी न्यायालयांनी घेतली होती ती इंग्लंडातल्या १८६८ च्या हिक्लिन खटल्यातून: ज्यांची मने अशा गोष्टींना सहज बळी पडतात त्यांना बिघडवण्याची प्रवृत्ती मजकुरात आहे का. म्हणजे निकष लावायचा तो दुबळ्यांतल्या दुबळ्या वाचकाचा. ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’ विकल्याबद्दल मुंबईतल्या हॅपी बुक स्टॉलच्या भागीदारांना प्रत्येकी वीस रुपये दंड झाला, त्यांपैकी रणजित उदेशी सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि १९६४ मध्ये तिथेही हरले. निकाल लिहिला न्या. हिदायतुल्ला यांनी. नागपूरच्या मॉरिस कॉलेजचे विद्यार्थी, नागपूरच्या वकिलीतले, नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती राहिलेले. हिक्लिनची कसोटी त्यांनी थोडी माणसाळवली, कलेचा आणि अश्लीलतेचा भाग तोलून पाहायला सांगितले. टाकून मात्र दिली नाही. पुढच्या पाच वर्षांत एका मराठी खटल्याने चित्र जरा बदलले. ‘रंभा’ मासिकाच्या १९६२ च्या दिवाळी अंकात चंद्रकांत काकोडकरांची ‘श्यामा’ ही कादंबरी छापून आली होती. तिच्यावरचा खटला १९६९ मध्ये सर्वोच्च न्यायालयात पोहोचला आणि काकोडकर सुटले. काळाबरोबर समाजाची मापे बदलतात हे त्या निकालात मान्य केले गेले आहे.

१९९५ मध्ये दंडाधिकाऱ्यांपुढे हे कायद्याचे सामान होते. राज्यात मार्चपासून युतीचे नवे सरकार होते, मनोहर जोशी मुख्यमंत्री, प्रमोद नवलकर सांस्कृतिक कार्यमंत्री. संस्कृतिरक्षणाची भाषा तेव्हा वरच्या पट्टीत होती, म्हणून खटला सरकारनेच घडवला असे म्हणण्याचा मोह होतो. तारखा जवळजवळ येणे हा पुरावा नसतो, तेव्हा तो मोह आवरलेला बरा. त्याच वर्षीचा दुसरा एक दस्तऐवज अधिक उपयोगी आहे. अलिशा चिनॉयच्या ‘मेड इन इंडिया’ची चित्रफीत. तिच्यात हाच मिलिंद सोमण उघड्या छातीने लाकडी पेटीतून बाहेर येतो आणि ती चित्रफीत घराघरांत, आजीआजोबांसह पाहिली गेली. एकच शरीर, एकच वर्ष. गाण्यात ते परीकथेतल्या राजकुमाराचे झाले म्हणून चालले, छायाचित्रात ते कुठल्याच गोष्टीत बसत नव्हते म्हणून अंगावर आले. माझा अंदाज असा की लोकांना खुपले ते कपडे नसणे तेवढे नाही, कथा नसणे.

खटला चालू राहिला आणि धंदा पुढे निघून गेला. १९९८ मध्ये फॅशन डिझाइन कौन्सिल स्थापन झाली, २००० मध्ये दिल्लीत पहिला इंडिया फॅशन वीक झाला. गिरणीच्या शोची जागा डिझायनरच्या शोने घेतली आणि मॉडेलचा मालक बदलला. मुंबईची उज्ज्वला राऊत १९९६ मध्ये ‘फेमिना लुक ऑफ द इयर’ जिंकून नीसला एलिटच्या जागतिक स्पर्धेत गेली, पहिल्या पंधरांत आली आणि मग पॅरिस, मिलान, न्यूयॉर्क. इव्ह सां लोरां, गुच्ची, व्हिक्टोरियाज सीक्रेट अशी नावे तिच्या खात्यावर जमली. तिला पुढे आणायला इथला सिनेमाही लागला नाही आणि खटलाही. सप्रे-सोमण पिढीने कमावलेली जागा ती हीच, की मॉडेलिंग हे पूर्णवेळ काम असू शकते आणि त्यासाठी नटी होण्याची पायरी वाटेत लागत नाही.

ती जागा देशात मात्र फार टिकली नाही. दोन हजारच्या आसपास जाहिरातदार पुन्हा सिनेमाच्या आणि क्रिकेटच्या दारात गेले. मासिकांची मुखपृष्ठे नट्यांकडे वळली. परदेशातही तेव्हा तेच घडत होते. मॉडेलही सिनेमाकडे वळू लागले. मधू सप्रेंनी एकच चित्रपट केला, कैझाद गुस्तादचा ‘बूम’, २००३ चा, तो पडला. त्याआधीच लग्न करून त्या इटलीला गेल्या होत्या. २००९ मध्ये निर्दोष सुटल्याची बातमी आली तेव्हा आरोपींपैकी एक परदेशात संसार करत होती, दुसरा लांब पल्ल्याच्या धावण्याकडे वळला होता आणि ज्या बुटांसाठी हे सगळे झाले ते नाव बाजारात शोधावे लागत होते.

त्याहूनही लांबलेला दुसरा खटला कोलकात्यात चालू होता. टेनिसपटू बोरिस बेकर आणि त्याची वाग्दत्त वधू बार्बरा फेल्टस यांचे नग्न छायाचित्र जर्मन ‘स्टर्न’वरून घेऊन ‘स्पोर्ट्सवर्ल्ड’ने आणि ‘आनंदबाजार पत्रिके’ने मे १९९३ मध्ये छापले होते. फेब्रुवारी २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्या प्रकरणाचा निकाल देताना हिक्लिनची कसोटी शेवटी सोडून दिली आणि समाजाच्या समकालीन मापाने, संपूर्ण संदर्भात, चित्र पाहायला सांगितले. सव्वा वर्षात, मे २०१५ मध्ये, त्याच न्यायालयाने वसंत दत्तात्रेय गुर्जरांच्या ‘गांधी मला भेटला’ या कवितेच्या प्रकरणाचा निकाल दिला. १९९४ मध्ये एका बँक कर्मचारी संघटनेच्या पत्रिकेत ती छापली गेली होती. छापणाऱ्याला न्यायालयाने मोकळे केले, कवीला केले नाही. थोर पुरुषाच्या तोंडी घातलेल्या शब्दांना समकालीन मापाचा वेगळा, कडक गज लावला गेला. म्हणजे नग्न देहाची सुटका झाली आणि त्याच हातांनी गांधींच्या प्रतिमेला कुंपण पडले.

नोव्हेंबर २०२० मध्ये पंचावन्नाव्या वाढदिवशी सोमणांनी गोव्याच्या किनाऱ्यावर विवस्त्र धावतानाचे छायाचित्र समाजमाध्यमावर टाकले. कोलवा पोलिसांनी गुन्हा नोंदवला. या वेळी कलम २९४, सार्वजनिक जागी अश्लील कृत्याचे, आणि जोडीला माहिती तंत्रज्ञान कायद्याचे ६७. छापील मासिक नव्हते, जाहिरातसंस्था नव्हती, बूट नव्हते आणि त्या छायाचित्रात दुसरे कुणी नव्हते, त्यामुळे १९८६ चा कायदाही नाही आणि वन्यजीवही नाही. १ जुलै २०२४ पासून दंड संहितेच्या जागी भारतीय न्याय संहिता आली. जुन्या २९२ चा मजकूर तिच्यात कलम २९४ म्हणून जवळजवळ शब्दशः उतरला आहे. इलेक्ट्रॉनिक रूपाची भर पडली, दोन वर्षांची मर्यादा तशीच राहिली आणि पहिल्या वेळचा दंड दोन हजारांचा पाच हजार झाला.